उसंतीचा वाटा

(सामुदायिक रेडिओवरच्या दुपारच्या कार्यक्रमातलं बोलणं)



दुपारची वेळ आहे. कुणी शेंगा फोडत ऐकत असाल, कुणी गोधडीला टाके घालत, कुणी बांधावर भाकरी सोडून बसल्या असाल. हात चालू असतील हे आम्हाला ठाऊक आहे, कारण आमचेही चालूच असतात. आज आपण ते हात थांबतात तेव्हाच्या वेळेबद्दल बोलू.

आपल्या भाषेत या वेळेला शब्द कमी नाहीत. सवड, फुरसत, उसंत, विसावा. पण बाई जरा टेकली की तिच्यासाठी निराळाच शब्द निघतो, रिकामी. गडी पारावर बसला तर तो नुसता बसलेला असतो. बाई उंबऱ्यावर बसली तर ती रिकामी बसलेली असते. हा शब्द आपण इतक्या वेळा ऐकलाय की आता दुसऱ्या कुणी म्हणायची गरजच उरली नाही. अंगणात कुणाची चाहूल लागली की आपण आपोआप उठतो आणि घासलेलं पातेलं पुन्हा घासायला घेतो.

आधी हिशेब मांडू. बचत गटात आपण रुपयांचा हिशेब ठेवतो, हा मिनिटांचा. माणसं दिवसाचा वेळ कशात घालवतात याची देशभर पाहणी केंद्र सरकारनं २०१९ साली केली. त्यात दिसलं की दिवसाकाठी १०० पैकी ८१ बाया घरकाम करतात आणि १०० पैकी २६ पुरुष. जे करतात त्यांच्यातही बाईचा वेळ २९९ मिनिटं, म्हणजे जवळजवळ पाच तास, आणि पुरुषाचा ९७ मिनिटं. २०२४ साली पुन्हा पाहणी झाली, तेव्हा हे आकडे २८९ आणि ८८ असे आले. पाच वर्षांत आपली दहा मिनिटं वाचली म्हणायची. पण पुरुषांचीही नऊ मिनिटं वाचली! आणि लेकरं-म्हातारी माणसं सांभाळण्याचा वेळ यात धरलेला नाही, तो वेगळा मोजलाय.

आता कुणी म्हणेल, बाया दुपारी टीव्ही बघतात की. बघतात. पण कशा बघतात? मांडीवर सुपात तांदूळ, एक कान मालिकेला आणि एक कान चुलीवरच्या दुधाला. मायकेल बिटमन आणि ज्युडी वाइकमन या दोन अभ्यासकांनी २००० साली नेमकी हीच गोष्ट मांडली. ऑस्ट्रेलियासारख्या सुखवस्तू देशातसुद्धा बाया आणि पुरुषांच्या मोकळ्या वेळाची बेरीज करायला गेलं तर फार फरक दिसत नाही. पण बाईचा मोकळा वेळ तुकड्या-तुकड्यांचा असतो, त्यात मधेमधे काम घुसतं, लेकरं सोबत असतात. पुरुषाचा वेळ सलग असतो. चतकोर-चतकोर भाकरी दिवसभर खाल्ली तर पोट भरल्यासारखं वाटत नाही, तसंच हे. विसाव्यालाही सलग वेळ लागतो.

आणि नुसता वेळ असूनही भागत नाही. याचं एक खरं उदाहरण ऐका. ऑस्ट्रिया देशात व्हिएन्ना शहराजवळ मारिएनथाल नावाचं गाव आहे. सारं गाव एका कापडगिरणीवर जगायचं. १९३० च्या सुमारास मंदी आली आणि गिरणी बंद पडली. मारी याहोडा आणि तिचे सोबती तिथली माणसं कशी जगतात ते बघायला गेले. त्यांचं पुस्तक १९३३ साली आलं. गावातल्या पुरुषांकडे आता दिवसच्या दिवस मोकळे होते. वाटेल, हे आता वाचतील, खेळतील, सभा-मंडळांत जातील. झालं उलटं. वाचनालयातून पुस्तकं नेणं पहिल्यापेक्षा जवळजवळ निम्म्यावर आलं. पुरुष रस्त्यानं हळूहळू चालायचे, मधेच थांबायचे, उगाच उभे राहायचे. दिवसभर काय केलं असं विचारलं तर त्यांना धड आठवायचं नाही. त्याच रस्त्यावरून बाया मात्र भरभर जात होत्या. त्यांची मजुरी गेली होती, पण काम गेलं नव्हतं. स्वयंपाक, धुणं, लेकरं तिथेच होती, आणि त्यात आता कमी पैशांत घर चालवायचं होतं.

या गावातून दोन गोष्टी समजतात. लादलेलं रिकामपण माणसाला पोखरतं, त्याला उसंत म्हणता येत नाही. आणि गिरणी बंद पडली तरी बाईला उसंत आपोआप मिळत नाही. ती कुणीतरी ठरवून काढावी लागते.

मग खरी उसंत कशानं मिळते? सबीने सोनेन्टाग आणि शार्लोट फ्रिट्झ या मानसशास्त्राच्या अभ्यासक बायांनी २००७ साली याचे चार भाग सांगितले. ते आपल्या भाषेत सांगतो.

पहिला, मनानं कामातून बाहेर पडणं. अंग पलंगावर आणि मन गोठ्यात असेल तर तो विसावा नाही. यावर एक साधा उपाय आहे. निजायच्या आधी उद्याची कामं एका कागदावर लिहून ठेवायची, लिहिता येत नसेल तर लेकराला सांगून लिहून घ्यायची. कुठलं काम कधी करायचं ते ठरलं की मन ते धरून बसत नाही.

दुसरा, अंग सैल सोडणं. भिंतीला पाठ टेकून पाय लांब करून बसणं, पिंपळाखाली वारा घेणं, डोळे मिटून एखादं गाणं ऐकणं. याला पैसा लागत नाही, कुणी हाक मारू नये एवढंच लागतं.

तिसरा, काही नवं जमवणं. सायकल शिकणं, नवी रांगोळी काढणं, भजनात नवा अभंग बसवणं. यात श्रम असतात, तरी माणूस ताजं होतं, कारण आपल्याला काही येतंय हे कळतं. सत्तर वर्षांची आजी सही करायला शिकते तेव्हा तिच्या चेहऱ्यावर जे दिसतं ना, ते हेच.

चौथा भाग आम्हाला सगळ्यांत मोठा वाटतो. आपली मर्जी. हा वेळ कसा घालवायचा ते मी ठरवणार. नातवासाठी हौसेनं गोधडी शिवणं हा विसावा असतो. तीच गोधडी नगावर शिवायला घेतली की ती मजुरी होते. सुई तीच, टाका तोच. मधे फक्त मर्जीचा फरक आहे.

मोबाइलबद्दलही विचारलं जातं. मोबाइल बघणं वाईट असं आम्ही म्हणणार नाही. पण उठल्यावर स्वतःला विचारा, बरं वाटतंय का? बहिणीशी पोटभर बोलून उठलात तर वाटेल. अर्धा तास नुसतं बोट सरकवून मान दुखली असेल तर तो वेळ आपल्याला मिळालाच नाही.

आपल्या आज्यांनी आपल्यासाठी काही ठेवलंय का, तेही बघू. नागपंचमीला काही चिरायचं नाही, कापायचं नाही, तवा चुलीवर ठेवायचा नाही. रानात नांगर धरायचा नाही. बाया झोके बांधतात, फेर धरतात. देवाधर्माचं कारण जे असेल ते असो, त्या दिवशी विळीला आणि तव्याला सुट्टी असते. मंगळागौरीचं जागरण, भोंडला, माहेरपण, या सगळ्यात बाईला हसायला-खेळायला मुभा होती आणि तिला रिकामी म्हणायची कुणाची टाप नव्हती. पण यात एक काटाही आहे. हळदीकुंकवाला विधवा बाईला बोलवत नाहीत, टाकलेल्या बाईकडे वळून बघतात. मग तिच्या हसण्याखेळण्याची जागा कुठली? आपण नवी जागा करू तेव्हा तिथे एकल बाया पहिल्या रांगेत असल्या पाहिजेत.

जात्याचंही तसंच. पहाटे दळण दळताना बायांनी आपलं सुखदुःख ओव्यांत गायलं. हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी सोबत्यांना घेऊन गावोगाव फिरून अशा एक लाखाच्या वर ओव्या गोळा केल्या. म्हणून जातं परत आणा असं आम्ही म्हणत नाही, त्या दळणानं खांदे मोडायचे. गिरणी आली ते बरंच झालं. पण गिरणीनं वाचवलेला तास कुठे गेला? शेळ्यांत गेला, शिलाईत गेला, गटाच्या हप्त्यात गेला. सोबत मात्र तुटली.

सुट्टी मागून घ्यावी लागते, हेही आपल्याच मातीतलं आहे. नारायण मेघाजी लोखंडे हे सत्यशोधक कार्यकर्ते. मुंबईच्या गिरण्यांतले कामगार तेव्हा दिवस उगवल्यापासून मावळेपर्यंत राबायचे आणि आठवड्याची ठरलेली सुट्टी नव्हती. लोखंड्यांनी १८८४ साली त्यांची संघटना उभी केली, अर्ज केले, सभा घेतल्या. एप्रिल १८९० च्या मोठ्या सभेला दहा हजारांवर कामगार जमले, आणि तिथे दोन कामगार बायासुद्धा बोलल्या. जून १८९० मध्ये मालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली. आज आपली लेकरं रविवारी शाळेला जात नाहीत तेव्हा त्या दोघींची आठवण ठेवायला हवी. गिरणीचा भोंगा रविवारी थांबला. चूल मात्र रविवारी जास्तच पेटते, कारण सगळे घरी असतात.

म्हणून आता गटात करायची एक गोष्ट. पुढच्या बैठकीला प्रत्येकीनं २४ चिंचोके आणायचे. एक चिंचोका म्हणजे एक तास. जमिनीवर खडूनं गोल काढा. झोप, स्वयंपाक-धुणंभांडी, पाणी-सरपण, शेत, गुरं, लेकरं-म्हातारी, गटाचं काम, आणि शेवटचा गोल 'माझा'. कालच्या दिवसाचे चिंचोके ज्याच्या त्याच्या गोलात टाका. बहुतेकींचा शेवटचा गोल कोरडा निघेल. झोपेच्या गोलात सातापेक्षा कमी असतील तर पहिला चिंचोका तिथेच टाकायचा. थकलेल्या अंगाला दुसरा कुठला विसावा लागू पडत नाही.

मग ठरवा, एक चिंचोका 'माझा' मध्ये आणायचा तर कुठून उचलायचा? तो नुसता उचलून भागत नाही. काम हवेत विरत नाही, ते कुणाकडे तरी जातं. म्हणून त्या माणसाचं नाव ठरवा. संध्याकाळचं पाणी थोरला मुलगा आणेल. रविवारची भांडी धनी घासतील. चार घरची लेकरं एक दुपार एकजण सांभाळेल, दुसरी दुपार दुसरी. एक गोष्ट कटाक्षानं बघा, ते काम लेकीच्या अंगावर पडू देऊ नका. तिचा अभ्यास बुडवून आईनं टेकायचं, तर वीस वर्षांनी तीही पातेलं पुन्हा घासत बसेल.

घरात एकटीनं मागणं अवघड जातं हे आम्ही जाणतो. म्हणून गटानं मागायचं. आठवड्यातून एक तास सगळ्याजणी एकत्र, समाजमंदिरात नाहीतर झाडाखाली. त्या तासात हप्ता नाही, योजनेचा फॉर्म नाही, प्रशिक्षण नाही. फुगडी घाला, गाणी म्हणा, गप्पा मारा, कुणाला नुसतं पडून राहायचं असेल तर पडू द्या.

शेवटी एक महत्त्वाचं. कधी कधी दुखणं थकव्याच्या पलीकडचं असतं. दोन आठवड्यांहून जास्त दिवस कशातच मन लागत नाही, झोप उडालीय, जेवण जात नाही, सारखं रडू येतं, जगू नये असं वाटतं, अशी बाई आपल्यात असेल तर तिला 'जरा फिरून ये' म्हणून सोडू नका. तो आजार असू शकतो आणि त्याला उपचार आहेत. आशाताईंना सांगा, प्राथमिक आरोग्य केंद्रात तिच्यासोबत जा. सरकारच्या टेलि-मानस सेवेचा १४४१६ हा नंबर दिवसरात्र चालू असतो, तिथे फुकट बोलता येतं, मराठीतही बोलता येतं. हा नंबर गटाच्या वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा.

तर मैत्रिणींनो, बैठकीत चिंचोके कसे पडले ते केंद्रावर येऊन नाहीतर फोन करून आम्हाला सांगा. आणि हा कार्यक्रम संपल्यावर लगेच उठू नका. पाच मिनिटं बसा. कुणी विचारलं काय करतेस, तर सांगा, बसलेय.