सुमित्रा भावे : समाजकार्याची चित्रभाषा
(व्याख्यानाचे शब्दांकन)

चित्रपट म्हणजे करमणूक आणि करमणूक म्हणजे तडजोड, असे समीकरण आपल्या मनात पक्के बसले आहे. हे समीकरण तीन दशकांहून अधिक काळ शांतपणे खोडून काढणारी एक विदुषी पुण्यात होऊन गेली. त्यांचे नाव सुमित्रा भावे.

१२ जानेवारी १९४३, म्हणजे स्वामी विवेकानंदांच्या जन्मदिनी, जन्मलेल्या सुमित्राताईंचा पिंड समाजकार्याचा. टाटा समाजविज्ञान संस्थेत शिक्षण आणि पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत अध्यापन, हा त्यांचा पूर्वमार्ग. चित्रपटाचे औपचारिक शिक्षण त्यांनी घेतले नव्हते. झोपडवस्तीतील स्त्रियांचा अभ्यास करताना त्यांच्या ध्यानात आले की, जिच्याविषयी प्रबंध लिहायचा, तिला तो वाचताच येणार नाही. चित्र मात्र तिला वाचता येते. या जाणिवेतून १९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट झाला आणि त्याला राष्ट्रीय पुरस्कार लाभला.

पुढे सुनील सुकथनकर यांच्या साथीने ‘दोघी’, ‘दहावी फ’, ‘वास्तुपुरुष’ अशी चित्रपटांची मालिका उभी राहिली. कथा-पटकथेची धुरा मुख्यतः सुमित्राताईंचीच. ‘दहावी फ’मधील मुले रागाच्या भरात शाळेची प्रयोगशाळा फोडतात आणि मग स्वकष्टाने ती पुन्हा उभारण्याचा ध्यास घेतात. शिक्षेहून प्रायश्चित्त श्रेष्ठ, हा संस्कार येथे उपदेशाविना घडतो.

त्यांच्या कार्याचा गाभा मात्र मनाच्या आजारांत आहे. घरातील मनोरुग्ण लपवायचा, ‘लोक काय म्हणतील’ या भयाने उपचार टाळायचे, ही आपल्या सुशिक्षित कुटुंबांचीही रीत. ‘देवराई’ने २००४ मध्ये स्किझोफ्रेनियाला बोलते केले. ‘अस्तु’मध्ये स्मृती हरवलेले संस्कृत पंडित हत्तीमागे चालत जातात. विद्वत्ता गळून पडते, उरतो केवळ माणूस. त्याला आश्रय देते ती माहुताची निर्धन पत्नी. या चित्रपटाच्या संवादांसाठी सुमित्राताईंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. कोकणच्या किनाऱ्यावर घडणाऱ्या ‘कासव’मध्ये नैराश्याने ग्रासलेल्या तरुणाला रक्ताचे नाते नसलेली माणसे सावरतात. २०१६ च्या सर्वोत्कृष्ट भारतीय चित्रपटाचे सुवर्णकमळ ‘कासव’ला लाभले. ‘श्यामची आई’ने १९५४ मध्ये मराठीला मिळवून दिलेला हा मान पुन्हा महाराष्ट्रात आला.

त्यांचा अखेरचा चित्रपट ‘दिठी’, दि. बा. मोकाशींच्या कथेवर आधारलेला. तरुण पुत्र गमावलेल्या वारकरी रामजीची श्रद्धा डळमळते. अडलेल्या गाईची सुटका करताना त्याला जन्ममृत्यूचे एकत्व उमगते. वारकरी परंपरा येथे देखावा म्हणून येत नाही, तर दुःख पेलण्याचे बळ म्हणून येते. १९ एप्रिल २०२१ रोजी सुमित्राताई निवर्तल्या. त्यानंतरच्या महिन्यात ‘दिठी’ घरोघरच्या पडद्यावर पोहोचला.

त्यांचे प्रत्येक मत आपल्याला पटेलच असे नाही. वाड्यातील, जातीतील, घरातील व्यंगांवर त्यांनी निर्भीडपणे बोट ठेवले. परंतु त्या बोटामागे तिरस्कार नव्हता, आईची काळजी होती. समाज आपला मानणाऱ्याने ही टीका ऐकलीच पाहिजे.

हे चित्रपट व्यावसायिक चित्रपटगृहांत फार टिकले नाहीत, ही प्रेक्षक म्हणून आपली उणीव आहे. ती भरून काढणे कठीण नाही. वस्तीत, शाळेत, ज्येष्ठांच्या मंडळात यांतील एखादा चित्रपट दाखवावा आणि नंतर अर्धा तास मोकळेपणाने बोलावे. कदाचित त्याच अर्ध्या तासात कोणी तरी आपल्या घरातील झाकलेले दुःख प्रथमच उच्चारील. सुमित्राताईंना खरी श्रद्धांजली तीच ठरेल.