चौदा पाने इंग्रजीत
(जिल्हा कार्यकर्ता बैठकीतील भाषण)



वेचणीचा दिवस मोडून तुम्ही आलात, तेव्हा लांबण लावणार नाही. आज कापसाच्या भावावर बोलायचे नाही. भाव मागणारा माणूस उद्या घरातून उचलला गेला, तर घरच्यांनी पहिल्या दिवशी काय करायचे, तेवढेच बोलायचे आहे.

रास्ता रोकोत पोलिस गाडीत घालतात आणि बहुधा संध्याकाळी सोडतात. ते जुन्या संहितेचे १५१ कलम. १ जुलै २०२४ पासून नव्या संहितेत त्याचा आकडा १७० झाला, एवढाच फरक. त्याची आपल्याला सवय आहे. स्थानबद्धता ही चीज वेगळी. तिथे खटला नाही, साक्षीदार नाही, जामीन नाही. हा माणूस पुढे काहीतरी करील असे जिल्हाधिकाऱ्याला किंवा पोलिस आयुक्ताला वाटले, की हुकूम निघतो. राष्ट्रीय सुरक्षा कायदा १९८० चा, महाराष्ट्राचा एमपीडीए १९८१ चा. दोन्हींत जास्तीत जास्त बारा महिने. एमपीडीए सुरुवातीला झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले आणि अमली पदार्थवाले यांच्यासाठी होता. पुढे धोकादायक व्यक्ती आल्या, वाळूतस्कर आले, काळाबाजारवाले आले. अशी यादी तणासारखी वाढते, हे लक्षात असू द्या.

मी शेतीशास्त्र शिकलो. बोंडअळीबद्दल आम्हाला शिकवले ते असे, की आधी झाडे मोजा, पात्या-बोंडे उघडून बघा, अळी नुकसानीच्या पातळीवर गेली तरच फवारा. अळी येईल या नुसत्या भीतीने पंप पाठीवर घेणाऱ्याला आम्ही अडाणी म्हणायचो. राज्यघटनेच्या २२व्या कलमाने सरकारच्या पाठीवर तसाच पंप दिला आहे. मात्र त्याच कलमाने अटीही घातल्या आहेत. धरलेल्या माणसाला कारणे लवकरात लवकर कळवायची, निवेदन करायची संधी ताबडतोब द्यायची, आणि तीन महिन्यांच्या वर ठेवायचे तर प्रकरण सल्लागार मंडळापुढे न्यायचे. कोर्टातली बहुतेक लढाई या अटींच्या बांधावरच होते.

कारण साहेबांना वाटले ते बरोबर की चूक, यात कोर्ट सहसा शिरत नाही. १९५० साली गोपालन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने एक कलम सोडून सगळा स्थानबद्धता कायदा उचलून धरला. आणीबाणीत, २८ एप्रिल १९७६ रोजी, चार विरुद्ध एक मताने निकाल दिला की स्थानबद्धाला सुटकेसाठी कोर्टाचे दारच नाही. एकटे न्यायमूर्ती खन्ना विरोधात उभे राहिले. तो निकाल चुकला होता हे त्याच न्यायालयाने म्हणायला २०१७ साल उजाडले.

आता आपल्याच विदर्भातली गोष्ट ऐका. १९६१ चा एप्रिल महिना. गोंदियाचे हरिकिसन, नाग विदर्भ आंदोलन समितीचे अध्यक्ष. भंडाऱ्याच्या जिल्हादंडाधिकाऱ्याने त्यांना स्थानबद्ध केले. हातात कागद दिले ते इंग्रजीत, कारणांची जवळपास चौदा टंकलिखित पाने, तेरा वर्षांच्या हालचाली त्यांत मांडलेल्या. ते म्हणाले, मला इंग्रजी येत नाही, हिंदीत द्या, म्हणजे उत्तर देतो. सरकारचे उत्तर असे की इंग्रजी ही राज्यकारभाराची भाषा आहे, इंग्रजीत दिले म्हणजे कळवले. वर असेही सांगितले की पोलिस अधिकाऱ्याने तोंडी हिंदीत समजावून दिले आहे. उच्च न्यायालयाने अर्ज फेटाळला. सर्वोच्च न्यायालयाने १९६२ साली हुकूम रद्द केला. कळवणे म्हणजे माणसाला कळेल असे कळवणे. एवढ्या पानांचे तोंडी भाषांतर डोक्यात ठेवून कोणी उत्तर लिहू शकत नाही. सातबारा वाचता येतो म्हणून इंग्रजी हुकूम वाचता आला पाहिजे, असे उद्या कोणी तुम्हाला म्हणाले तर हा निकाल पुढे करा.

दुसरा खटला डॉ. लोहियांचा, १९६५ चा. हुकुमात ‘कायदा व सुव्यवस्था’ असे लिहिले होते, नियमात शब्द होता ‘सार्वजनिक सुव्यवस्था’. कोर्टाने त्यांना सोडले. दोघांची मारामारी वेगळी आणि सगळ्या वस्तीचे जगणे विस्कटणे वेगळे. २०११ मध्ये रेखा खटल्यात आणखी पुढे जाऊन सांगितले, की साध्या कायद्याने काम भागत असेल तर स्थानबद्धता बेकायदा.

सरकारही वाटा बुजवते बरे का. पूर्वी दहा कारणांतले एक कुजके निघाले तरी हुकूम पडत असे. १९८४ साली राष्ट्रीय सुरक्षा कायद्यात कलम घातले, की एक पडले तरी बाकीच्यांवर हुकूम उभा राहतो.

म्हणून घड्याळ आणि कागद सांभाळायचे. कारणे साधारण पाच दिवसांत मिळाली पाहिजेत. जिल्हाधिकाऱ्याच्या हुकुमाला राज्य सरकारची मंजुरी १२ दिवसांत, सल्लागार मंडळाकडे प्रकरण तीन आठवड्यांत, मंडळाचा अहवाल सात आठवड्यांत. मंजुरीआधी खुद्द हुकूम काढणाऱ्यालाही निवेदन देता येते, आणि हे त्या माणसाला सांगितले नाही म्हणून एमपीडीएचा हुकूम २००० साली सर्वोच्च न्यायालयात टिकला नाही. निवेदन पडून राहिले आणि उशिराचा खुलासा देता आला नाही, म्हणूनही कितीतरी हुकूम पडले. पण निवेदनच दिले नसेल तर उशीर कशाचा मोजणार? घरचे वकील शोधत महिना घालवतात, तेवढ्यात हातचा मुद्दा जातो. निवेदन साध्या मराठीत चालते. कोणती कारणे खोटी, कोणते कागद दिले नाहीत, एवढे लिहा, तारीख घाला, पोच घ्या. पाकीटसुद्धा फेकू नका, त्यावरचा शिक्का कामी येतो.

हेबिअस कॉर्पसची याचिका उच्च न्यायालयात, विदर्भासाठी नागपूरला, मराठवाड्यासाठी औरंगाबादला, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरला. बायको, भाऊ, मित्र कोणीही करू शकतो. निकाल लागेतो कित्येकदा महिने जातात. हुकूम रद्द झाला तरी गेलेला हंगाम कोणी भरून देत नाही, हेही घरच्यांना आधीच सांगून ठेवा.

राहिले सल्लागार मंडळ. तिथे वकील मागायचा हक्क नाही. पण १९८१ साली ए. के. रॉय यांच्या खटल्यात कोर्टाने सांगितले, की वकील नसलेला मित्र सोबत नेता येतो, आणि सरकारने वकील उभा केला तर स्थानबद्धालाही वकील द्यावा लागतो. तर असा मित्र आपल्या तालुक्यात कोण? कागद वाचणारा, न घाबरता बोलणारा. निवृत्त मास्तर चालेल, शिकलेली सून चालेल. चहाच्या आधी प्रत्येक तालुक्याने दोन नावे ठरवून कार्यालयाच्या वहीत लिहून द्यावीत.