हस्तर : एका नांवाची हकीकत



मूल झोपेनासें झालें म्हणजे बागुलबोवाचें नांव घ्यावयाचें, ही आपल्या घरांतील जुनी चाल आहे. आज ज्या नांवाविषयीं मला बोलावयाचें आहे त्याचें काम नेमकें उलट आहे. तें उच्चारलें असतां मूल नव्हे, आजी झोपते. २०१८ सालीं आलेला, राही अनिल बर्वे यांचा 'तुंबाड' हा हिंदी चित्रपट आपल्यापैकीं पुष्कळांनीं पाहिला असेल. कोंकणांतील तें जुनें घर, तो न थांबणारा पाऊस, सांखळ्यांनीं जखडलेली ती भयंकर म्हातारी, आणि तिला निजविण्यासाठीं मुलांच्या तोंडीं दिलेलें एक नांव : हस्तर. सोन्याच्या आणि अन्नाच्या लोभापायीं पूजेला मुकलेला हा देव. पाहणाराला वाटावें, कोंकणांतल्याच एखाद्या ओस देवळांतून तो उठून आला आहे. परंतु नांवाचा माग काढीत गेलें तर तो आपल्याला अमेरिकेंतील मासिकांपाशीं नेऊन पोंचवितो. आणि ज्या मासिकांना आपण 'भुताखेतांचीं' म्हणून नाक मुरडतों, त्यांच्याविषयीं बोलावयास याहून चांगलें निमित्त मला सुचत नाहीं.

हें नांव प्रथम आढळतें तें अँब्रोज बिअर्स या अमेरिकन लेखकाच्या १८९१ सालच्या एका छोट्या कथेंत. तेथें 'हॅस्टर' हा मेंढपाळांचा देव आहे, आणि आश्चर्य असें कीं तो दयाळू आहे! पुढें १८९५ सालीं रॉबर्ट चेंबर्स यानें आपल्या कथासंग्रहांत तें नांव उचललें. कोठें तें शहराला दिलें, कोठें एका नोकराला. एवढ्यावरच तें विरून जावयाचें. त्याला पुन्हां जीव आला तो 'वीअर्ड टेल्स' या मासिकामुळें.

'वीअर्ड टेल्स' म्हणजे विलक्षण कथा. मार्च १९२३ मध्यें या मासिकाचा पहिला अंक निघाला. किंमत पंचवीस सेंट; कागद लांकडाच्या लगद्याचा, खरबरीत, लौकर पिवळा पडणारा. संस्थापक जे. सी. हेनेबर्गर यांची कल्पना अशी कीं, प्रतिष्ठित मासिकें ज्या कथांना दारांत उभें करीत नाहींत, त्यांना कोठें तरी ओसरी असावी. वर्षभरांतच मासिक कर्जांत बुडालें. मग १९२४ च्या अखेरीस फार्न्सवर्थ राइट हे संपादक झाले, आणि त्यांनीं तें १९४० पर्यंत चालविलें. त्यांना कंपवाताचा विकार होता. वाचकांच्या पत्रांचें एक सदर असे. त्याचें नांव 'दि ईरी', म्हणजे गरुडाचें घरटें. तेथें गांवोगांवचे वाचक आपापल्या आवडीची कथा कळवीत आणि एकमेकांशीं कडाक्यानें भांडतहि असत.

भयकथेला मासिकच कां लागावें? माझें उत्तर असें कीं, भीति ही फार वेळ पेलून धरण्याची वस्तु नव्हे. पांचशें पानांच्या कादंबरींत मनुष्य पहिल्या शंभर पानांतच भुताला सरावतो. मग तें घरांतल्या पाहुण्यासारखें वाटूं लागतें. एका बैठकींत वाचून दिवा मालवितां येईल, एवढीच या कथेची योग्य लांबी. आणि तेवढीच जागा मासिकापाशीं असते. 

मात्र या ओसरीवर बसणारांचे हाल कमी नव्हते. पैसे मिळत ते कथा छापून आल्यावर, आणि पुष्कळदां त्यानंतरहि महिनोन् महिने नाहींत. टेक्सासमधील रॉबर्ट हॉवर्ड हा या मासिकाचा मोठा आधार. १९३५ सालीं त्याचें मासिकाकडे ८०० डॉलरांहून अधिक येणें थकलें होतें, आणि घरीं आई क्षयानें अंथरुणाला खिळलेली. त्यानें संपादकांना लिहून विनविलें. पुढल्या वर्षीं, आई शेवटच्या घटका मोजीत असतां, वयाच्या तिसाव्या वर्षीं त्यानें आपला अंत करून घेतला. त्याचें कारण थकलेले पैसेच, असें म्हणणें न्यायाचें होणार नाहीं. पण तो हिशेब मला विसरतां येत नाहीं.

दुसरा लेखक हॉवर्ड फिलिप्स लव्हक्राफ्ट. याच मासिकाच्या ऑगस्ट १९३१ च्या अंकांत त्याची एक दीर्घकथा आली. तींत बिअर्सच्या त्या जुन्या नांवाचा दोनच ठिकाणीं ओझरता उल्लेख आहे. हॅस्टर कोण, कोठला, हें तो सांगतच नाहीं. नुसत्या भयंकर नांवांच्या रांगेंत तें नांव ठेवून देतो. मला वाटतें, त्या न सांगण्यांतच सारें सामर्थ्य आहे. मेंढपाळांचा कनवाळू देव तेथून जो काळोखांत शिरला, तो पुन्हां बाहेर आला नाहीं.

त्याच वर्षीं लव्हक्राफ्टची दक्षिण ध्रुवावरील कथा राइट यांनीं फार लांब म्हणून परत पाठविली. माझ्या वरच्या मताप्रमाणें मीं राइट यांची बाजू घ्यावयास हवी. पण ती कथा मीं वाचली आहे, आणि तेथें माझें मत लंगडें पडतें. त्या नकारानें लव्हक्राफ्ट खचला. इतरांचीं लिखाणें सुधारून देऊन तो कसाबसा पोट भरीत असे. १५ मार्च १९३७ रोजीं तो गेला, तेव्हां अगदीं थोड्या प्रतींचें एक लहान पुस्तक सोडल्यास त्याच्या कथा त्या पिवळ्या पानांतच पडून होत्या. त्या वांचविल्या मासिकांतल्याच दोघां सोबत्यांनीं. ऑगस्ट डर्लेथ आणि डोनाल्ड वांड्राय यांनीं त्यासाठीं १९३९ सालीं स्वतःची प्रकाशनसंस्था काढली. पहिल्या पुस्तकाच्या प्रती १,२६८. त्या खपावयास वर्षें लागलीं! त्याच वर्षीं डर्लेथनें हॅस्टरवर स्वतंत्र कथा लिहून 'वीअर्ड टेल्स' मध्येंच छापली, आणि नांवाचा देव पक्का झाला. मूळ मासिक १९५४ सालीं बंद पडलें. पुढें तें अनेकदां नव्यानें निघालें.

आतां आजीकडे वळूं. १९८४ सालीं स्टीफन किंग यांची 'ग्रॅमा' ही कथा 'वीअर्डबुक' या लहानशा नियतकालिकांत आली. घरांत एकटा मुलगा, आणि पलीकडल्या खोलींत मंत्रतंत्र जाणणारी आजी. तिला निजवावयाचें तर नांव घ्यावयाचें हॅस्टरचें. ही कथा आपले नारायण धारप यांनीं 'आजी' म्हणून मराठींत आणली. आणि १९९३ सालीं नागझिऱ्याच्या जंगलांत एका मित्रानें धारपांची कथा आपल्याला सांगितली, तिच्यांतून 'तुंबाड' चें बीज पडलें, असें बर्वे यांनींच सांगितलें आहे.

आमच्या घरीं तो चित्रपट पाहून झाल्यावर माझ्या वृद्ध मामींनीं विचारलें, "हा हस्तर कोणत्या पुराणांतला रे?" मीं त्यांना पंचवीस सेंटांच्या त्या मासिकाची हकीकत सांगूं लागलों. त्यांनीं मला अर्ध्यांतच थांबविलें, आणि स्वयंपाकघरांतला दिवा रात्रभर राहूं दे म्हणाल्या.