उशीर कोणाच्या पदरी?



कायद्यावर वकील बोलला तर लोक मुकाट्याने ऐकतात; युनियनचा माणूस उभा राहिला की आता घोषणा ऐकाव्या लागणार असे त्यांना वाटते. आज घोषणा नाहीत. मी कॉलेजची पायरी चढलो नाही. जो काही कायदा शिकलो तो कामगार न्यायालयाच्या व्हरांड्यात, निकालपत्रे वाचता वाचता.

अपिलाला मुदत असते. ती टळली आणि 'पुरेसे कारण' दाखवले, तर न्यायालय उशीर माफ करू शकते. 1963 च्या मुदतीच्या कायद्याचे पाचवे कलम हेच सांगते. पुरेसे म्हणजे किती, हे मात्र न्यायाधीशाने ठरवायचे. 1987 साली जम्मू-काश्मीरमधील भूसंपादनाच्या एका खटल्यात सरकारच्या अपिलास चार दिवस उशीर झाला होता. तो माफ करताना सर्वोच्च न्यायालयाने म्हटले, की दिवसादिवसाच्या हिशेबाचा कीस काढू नये. अपील उशिरा करून सहसा कोणाचा फायदा होत नसतो.

नोकरीच्या तंट्यात हे अर्धेच खरे आहे, असे माझे नम्र मत आहे. कामगाराला उशिराचा फायदा नाही, हे उघडच आहे. पण मालकाचे काय? कामगाराला कामावर घ्या, असा निवाडा झालेला असतो. मालक स्वस्थ बसतो, मग कधीतरी उशीरमाफीच्या अर्जासह वरच्या कोर्टात जातो. तोवर थकबाकी कागदावर वाढत असते. पण वाणी त्या कागदावर उधारी देत नाही. अखेर माणूस मिळेल त्या रकमेवर सही करतो. हा फायदा नव्हे तर काय?

आता दुसरी बाजू. कामगारही झोपतो, आणि त्याच्या जागी आलेल्या माणसालाही पोट असते. पंजाबातील एका सहकारी संस्थेच्या कामगाराने काढून टाकल्यावर सात वर्षांनी तंटा उभा केला. 1999 साली सर्वोच्च न्यायालयाने केवळ उशिरासाठी त्याला परत पाठवले नाही. नोकरी दिली, मात्र गप्प बसलेल्या वर्षांचा पगार कापला. मला हा निर्णय फार शहाणपणाचा वाटतो. दार बंद केले नाही, पण उशिराची किंमत ज्याची त्याच्याकडून घेतली.

हीच फूटपट्टी मालकाला लावा, एवढेच माझे मागणे आहे. याची सोय कायद्याने काही ठिकाणी केलीही होती. 1972 च्या ग्रॅच्युइटी कायद्यात अपिलाला साठ दिवस आणि कारण दाखवल्यास आणखी साठ, अशी मर्यादा होती. पुढे मालकाने रक्कम आधी भरावी, अशीही अट आली. मग मुदत टळलेल्या अपिलातही, उशीर माफ करण्यापूर्वी तेवढ्या दिवसांचा पगार कामगाराच्या हाती का पडू नये? न्यायालये खर्च बसवतात खरा. मी पाहिलेला बहुतेक खर्च चहापाण्याच्या हिशेबात बसणारा होता.

फाईल या टेबलावरून त्या टेबलावर फिरत होती, ही सबब तर आता चालूच नये. 2012 साली टपाल खात्याचा 427 दिवसांचा उशीर सर्वोच्च न्यायालयाने माफ केला नाही. सरकारी खात्याला वेगळी मुदत नाही, असे बजावले.

इकडे कामगाराची मुदत मात्र आखडत आहे. बडतर्फीनंतर थेट न्यायालयात जाण्यास 2010 च्या दुरुस्तीने तीन वर्षे दिली होती. नोव्हेंबर 2025 मध्ये लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेने ती दोनवर आणली.

तेव्हा निकाल लागला की त्याच दिवशी नकलेचा अर्ज टाका. नक्कल तयार होण्यास लागलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वगळतात. अर्जापूर्वी घरी बसून काढलेले दिवस वगळत नाहीत. आणि निकाल टपालाने आला असेल तर पाकीट फेकू नका. कागद केव्हा हाती पडला, हे सांगायला त्यावरचा शिक्का उपयोगी पडतो.