भांडं का बदललं?

जुहूकरांना माणसाच्या शरीराचं अप्रूप नाही. पहाटे वाळूवर धापा टाकत पळणारी पोटं, नटाच्या बंगल्याबाहेर ताटकळलेली गर्दी, पृथ्वी थिएटरात हातभर अंतरावर घामाघूम झालेला कलावंत, सगळं आपण बघतो. आणि तरीही एखाद्या चित्रकर्तीनं स्वतःचं शरीर कलाकृतीत आणलं, की आपल्या कपाळाला आठ्या. ‘बरी चित्रं काढत होती, हे काय भलतंच!’ चित्रकार रुमाना हुसेन यांच्याबद्दल हे मी आजही ऐकते, म्हणून बोलायला आले.

ताक पितळेच्या भांड्यात कळकतं, हे तुम्हाला सांगायला नको. दोष ताकाचा नाही, पितळेचाही नाही. रुमानाबाई आधी तैलरंगात मनुष्याकृती रंगवत. ६ डिसेंबर १९९२ला बाबरी मशीद पाडली गेली, पाठोपाठ मुंबई पेटली, आणि मुसलमान म्हणून त्यांच्या कुटुंबाला काही काळ राहतं घर सोडावं लागलं. हे आंबट जुन्या भांड्यात राहीना. कल्हई लावून, म्हणजे शैलीत थोडा फेरफार करून, भागलं नसतं का? कल्हई किती दिवस टिकते हो? त्यांनी भांडंच बदललं. फुटकी मातीची मडकी, आरसे, गेरू, नीळ घेतली, आणि मग स्वतःचा देह.

१९९५ साली मुंबईच्या एनसीपीएत त्यांनी ‘लिव्हिंग ऑन द मार्जिन्स’ हा प्रयोग केला. पायात घुंगरू, हातात चिरलेली पपई, तोंड वासलेलं, आणि त्यातून शब्द नाही. पपईची फोड आठवा: केशरी गर, मधे पोकळी, पोकळीत काळ्या बियांची दाटी. पुढच्या वर्षीच्या ‘होम/नेशन’मध्ये वासलेलं तोंड, पपई आणि अयोध्येतल्या इमारतींच्या कमानी छायाचित्रांतून एकमेकींशेजारी आल्या. हे रंगवता आलं नसतं? आलं असतं की. पण चित्रातल्या तोंडाचा जबडा दुखत नाही. घरात दोन मिनिटं तसं तोंड वासून चालून बघा, म्हणजे कळेल. मुलं हसतील, हसू द्या.

पुन्हा सांगते, कारण गाडी इथेच घसरते: भांडं हौसेनं बदललं नाही. परदेशात चाललंय म्हणून तर नाहीच नाही. आत काय ठेवायचंय ते बदललं, म्हणून बदललं. एवढं ध्यानात घेतलंत, तर बाकीचं विसरलात तरी मी रागावणार नाही.

पुढे कर्करोग झाला. १९९८च्या ‘इज इट व्हॉट यू थिंक?’मध्ये शस्त्रक्रिया झालेला देह प्रेक्षकांसमोर ठेवून त्या मुसलमान बाईविषयी प्रश्न वाचत गेल्या. उत्तर एकाचंही दिलं नाही. १९९९मध्ये ब्रिस्बेनच्या त्रैवार्षिक प्रदर्शनासाठी ‘अ स्पेस फॉर हीलिंग’ केलं. लाल भिंतींची खोली, थोडी इस्पितळासारखी, थोडी दर्ग्यासारखी. त्याच वर्षी त्या गेल्या, वय अवघं ४७.

स्टुडिओच्या काचेपलीकडून बोट दाखवतायत, वेळ झाली. अवधच्या बेगम हजरत महलच्या कबरीविषयी त्यांनी १९९७ साली केलेलं काम राहूनच गेलं. त्यातही पपई आहे, पण तिथे ती वेगळंच काही... असो, पुन्हा बोलावलंत तर तिथूनच सुरू करीन.