वसुलाच्या वह्यांतील पूर्वज



आपल्या घरांत लग्नकार्य निघालें, पक्ष-पंधरवडा आला किंवा दूरचा कोणी आप्त मुक्कामास आला, म्हणजे एक प्रश्न हटकून निघतो : आपण मूळचे कोठले? उत्तरहि बहुधा ठरलेलें असतें. आपले मूळ पुरुष अमुक स्वारींत होते, किंवा मोठ्या दुष्काळांत चार भाऊ गांव सोडून चार दिशांना गेले. अशा आठवणींच्या जोडीला छापील कुलवृत्तान्त असतात. नाशिक-त्र्यंबकेश्वरासारख्या क्षेत्रीं तीर्थोपाध्यायांच्या वह्या असतात. या साधनांची योग्यता मोठी आहे. परंतु आज ज्या साक्षीदाराची ओळख मला करून द्यावयाची आहे, तो यांहून निराळा आहे. त्याला आपल्या घराण्याविषयीं प्रेम नाहीं आणि द्वेषहि नाहीं. या माणसाकडून यंदा सरकारचें किती येणें आहे, एवढेंच त्याला विचारावयाचें होतें. हा साक्षीदार म्हणजे वसुलाचा कागद.

कुलवृत्तान्त लिहिणारा मनुष्य पुढच्या पिढ्यांवर नजर ठेवून लिहितो. त्यामुळें पराक्रम ठळक होतो आणि कर्ज, भांडण, परागंदा होणें या गोष्टी पुसट होतात. गांवचा कुलकर्णी आपल्या वंशजांकरितां लिहीत नव्हता. हिशेब जुळला नाहीं तर वरून जाब येईल, या धाकानें तो लिहीत होता. त्याचा कागद अगदीं निष्पाप असे, असें मात्र मानूं नये. जमीन कमी दाखवावी, चांगली जमीन हलकी लिहावी, हे प्रकार त्या काळींहि होत. म्हणून आकड्यांविषयीं संशय बाळगावा. पण ज्याच्या दारीं वसुलास जावयाचें त्याचें नांव चुकवून कुलकर्ण्याचें चालण्यासारखें नव्हतें. वंशाचा शोध करणाऱ्यास हें नांवच हवें असतें.

मराठी राज्यांत गांवचा हिशेब कुलकर्णी ठेवी आणि परगण्याचा देशपांडे. कोणतें शेत कोणाकडे आहे तें थळझाड्यांत सांपडे. यंदा कोणीं किती जमीन वाहिली तें लावणीपत्रकांत. आणि साऱ्या जमाखर्चाचा मेळ ताळेबंदांत. शेतसाऱ्याखेरीज इतर पट्ट्याहि होत्या. घरावर घरपट्टी होती. वाण्याचें दुकान, कोष्ट्याचा माग यांवर मोहतर्फा होता. कोठें लग्नाबद्दल लग्नटका, तर कोठें विधवेच्या पुनर्विवाहाबद्दल पाटदाम घेत. पेशवाई संपल्यावर १८१९ सालीं माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यानें जिंकलेल्या मुलखाविषयीं जो अहवाल लिहिला, त्यांत या जमाबंदीचें वर्णन आहे. सरकारांत पोंचलेले पुष्कळसे हिशेब आज पुण्यास पेशवे दप्तरांत आहेत. रियासतकार गोविंद सखाराम सरदेसाई यांच्या देखरेखीखालीं या दप्तरांतील निवडक कागदांचे ४५ भाग प्रसिद्ध झाले. परंतु त्यांत भर राजकारणावर आहे; गांवोगांवच्या हिशेबांचा फार मोठा भाग अजून मोडी लिपींत, रुमालांतच बांधलेला आहे.

असा कागद हातीं आला म्हणजे पहिली अडचण सालाची येते. वर लिहिलेलें असतें : ‘सन सलास सितैन मया व अलफ.’ हे अरबी अंक आहेत. सलास म्हणजे तीन, सितैन म्हणजे साठ, मया म्हणजे शंभर आणि अलफ म्हणजे हजार, मिळून ११६३. हा सुहूर सन झाला. तो मृगाच्या सुमारास पालटतो. त्यांत जून ते डिसेंबरपर्यंत ५९९ आणि पुढच्या महिन्यांत ६०० मिळविले, कीं इसवी सन येतो. तेव्हां हा कागद १७६२-६३ चा. दक्षिणेंतील फसली सनांत मात्र ५९० किंवा ५९१ मिळवावे लागतात. एका सनाच्या ठिकाणीं दुसरा धरला तर नऊ वर्षांची तफावत पडते, आणि तेवढ्या तफावतीनें बापाच्या जागीं मुलगा येऊन बसतो.

दुसरी अडचण नांवांची. जुन्या वहींत आडनांव असेलच असें नाहीं. ‘अमुक बिन तमुक’ अशी नोंद असते. बिन म्हणजे पुत्र. स्त्रीचें नांव आलें तर ‘अमकी कोम तमुक’ असें येतें. कोम म्हणजे बायको. आडनांव असलें तरी तें कायम असतेंच असें नाहीं. पाटीलकी आली म्हणजे पाटील, पोतदारी आली म्हणजे पोतदार, आणि गांव सोडून दुसरीकडे गेला म्हणजे जुन्या गांवावरून अमुककर. त्यांतून आपल्याकडे आजोबांचें नांव नातवास ठेवण्याची चाल. त्यामुळें पन्नास वर्षांच्या अंतरानें तेंच नांव दिसलें, कीं एकच मनुष्य दीर्घायुषी होता असें वाटतें. वास्तविक तो नातू असतो. अशा वेळीं बापाचें नांव, भावांचीं नांवें आणि शेताचें नांव हीं तिन्ही ताडून पाहावीं. माणसाचें नांव फिरून फिरून येतें. शेताचें नांव सहसा बदलत नाहीं.

असे दहा-वीस वर्षांचे कागद ओळीनें लावले, म्हणजे घराच्या गोष्टी आपोआप दिसूं लागतात. एका सालीं बापाच्या नांवें असलेलें खातें तीन सालांनंतर थोरल्या मुलाच्या नांवें दिसलें, तर मधल्या काळांत बाप वारला असावा. मीं ‘असावा’ म्हटलें, कारण तो थकून घरीं बसला असण्याचाहि संभव आहे. एका खात्याचीं तीन खातीं झालीं, तर भाऊ विभक्त झाले. नांव एकदम नाहींसें झालें आणि शेत पडीक लिहिलें गेलें, तर कुटुंब गांवांतून गेलें किंवा बुडालें.

येथून घराण्याचा शोध गांवच्या इतिहासास मिळतो. देशावरील पुष्कळ गांवांत जमिनीचे मोठे वांटे असत, त्यांना थळ म्हणत. थळाला मूळ वहिवाटदार घराण्याचें नांव असे, आणि तें घराणें निर्वंश झालें तरी नांव टिकून राही. ज्या जमिनीचा वारस उरला नाहीं ती गतकूळ म्हणून लिहीत. वंशपरंपरेचा हक्क असलेला तो मिरासदार, आणि बाहेरून येऊन जमीन करणारा तो उपरी. हे चार शब्द नीट लक्षांत ठेवून वही वाचली, तर कोणतीं कुळें मूळचीं, कोणतीं मागून आलेलीं आणि कोणाच्या ओस जागेवर आलेलीं, याचा अंदाज करतां येतो.

१८०२ सालीं यशवंतराव होळकरांच्या फौजा पुण्यावर आल्या. मागोमाग १८०३-०४ चा दुष्काळ पडला. या दोन आघातांनीं पुण्याच्या आसपासचीं व नगराकडचीं गांवेंच्या गांवें ओस पडलीं. पुन्हां लावणी व्हावी म्हणून कौल देत. पहिल्या वर्षीं सारा अगदीं थोडा आणि पुढें दरसाल वाढता. याला इस्तावा म्हणत. तेव्हां आपल्या घराण्याचें नांव एखाद्या गांवीं प्रथम इस्ताव्याच्या कौलांत सांपडलें, तर ‘आम्ही येथले पुरातन मिरासदार’ ही समजूत सोडावी लागते. यांत उणेपणा कसला? उजाड रानांत नांगर घालून गांव पुन्हां वसविणारीं माणसें आपले पूर्वज होतीं, हें समजणें एखाद्या संशयित स्वारीच्या कथेपेक्षां मोलाचें नाहीं काय?

इंग्रजी अमलांत कागदांचें स्वरूप पालटलें. १८३५-३६ च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट यांनीं इंदापूर तालुक्यांत नव्या मोजणीचा पाया घातला आणि शेताला सर्व्हे नंबर मिळाला. १८५२ च्या कायद्यानें इनाम कमिशनास अधिकार मिळाले. इनामदारांना आपला हक्क मूळ सनद धरणाऱ्या पुरुषापासून जोडून दाखवावा लागला, आणि त्यासाठीं कैफियती व वंशावळी दाखल झाल्या. त्या हक्क राखण्याकरितां लिहिलेल्या असल्यानें ताडून घ्याव्या. पुढें १९०३ च्या कायद्यानें हक्कनोंदणी आली आणि फेरफाराची वही सुरू झाली. खातेदार वारला म्हणजे वारसांचीं नांवें फेरफारांत लिहितात. गेल्या शंभर वर्षांच्या वंशावळीस याहून सरळ साधन क्वचित् सांपडेल.

आतां या साक्षीदाराचा दोष सांगतों. ज्याच्याकडून कांहीं येणें नाहीं त्याची तो दखल घेत नाहीं. एका खात्यामागें दहा माणसांचें एकत्र कुटुंब असे. वहींत नांव एकाचें. मुली बहुधा कोठेंच नाहींत. विधवेच्या हातीं खातें आलें तरच स्त्रीचें नांव उमटतें. शेतमजुराचें नांव नाहीं. बलुतेदार दिसतो तो पुष्कळदां इनामाच्या किंवा हक्काच्या सदरांत. महारांची वतनी जमीन हाडोळा म्हणून दिसते, पण ती वाहणाऱ्या सर्वांचीं नांवें दिसतीलच असें नाहीं. म्हणजे गांवांतील अर्ध्याहून अधिक माणसें या वहीच्या बाहेर राहतात. वही म्हणजे गांव नव्हे, हें विसरूं नये.

ही गोष्ट केवळ हौशी संशोधकांपुरती राहिलेली नाहीं. २०२३ सालीं महाराष्ट्र सरकारनें न्यायमूर्ति संदीप शिंदे यांच्या अध्यक्षतेखालीं समिति नेमली, आणि कुणबी अशा नोंदींसाठीं महसुलाचे जुने कागद, जन्ममृत्यूच्या नोंदी, मोडींतील दप्तरें यांचा शोध सुरू झाला. जो कागद सारा घेण्याकरितां लिहिला, त्याच्या एका शब्दावर आज एखाद्या विद्यार्थ्याचा प्रवेश किंवा तरुणाची नोकरी अवलंबून राहूं शकते. त्या प्रश्नाच्या राजकीय बाजूविषयीं येथें बोलावयाचें नाहीं. परंतु वाचणाऱ्यावर यामुळें मोठी जबाबदारी येते. वहींत नांव नाहीं म्हणून तो मनुष्य गांवांत नव्हता, असें ठरत नाहीं. आणि वहींत नांव आहे म्हणून तो आपलाच पूर्वज, असेंहि ठरत नाहीं. या दोन वाक्यांच्या मध्यें जो धीरानें उभा राहतो, तोच खरा शोधक.

ज्यांस हें काम करावेंसें वाटेल त्यांनीं मूळ पुरुषापासून आरंभ करूं नये, स्वतःपासून करावा. आजचा सातबारा घ्यावा. त्यावरचा गट नंबर एकत्रीकरणानंतरचा असेल, तर पूर्वींचा सर्व्हे नंबर काढावा. मग फेरफार एकामागून एक मागें वाचीत जावें. तालुक्याच्या कचेरींतील व भूमि-अभिलेख खात्यांतील जुने कागद पाहावे. शेताचें गांवांत बोललें जाणारें नांव वृद्धांकडून विचारून ठेवावें, कारण सर्व्हे नंबराच्या पलीकडे मोडी कागदांत हेंच नांव वाट दाखवितें. मोडी लिपि शिकावी. नेटानें बसणाऱ्यास ती कांहीं महिन्यांत वाचतां येऊं लागते. प्रत्येक नोंदीपुढें साल, गांव आणि कागदाचा प्रकार लिहावा. जेथें अनुमान आहे तेथें ‘अनुमान’ असें स्पष्ट लिहावें. आणि घरांत जुना रुमाल असेल तर तो रद्दींत जाऊं देऊं नये. कुलकर्णी-वतनें १९५० च्या कायद्यानें गेलीं, पण जुन्या कुलकर्णी घराण्यांच्या माळ्यांवर साऱ्या गांवाचीं नांवें अजून पडून असण्याचा संभव आहे. तो रुमाल एका घराचा नव्हे. ज्यांचीं नांवें त्यांत आहेत त्या सर्वांचा आहे.

येत्या सुटींत गांवीं जाणें झालें, तर देवदर्शनाबरोबर एवढें एक काम करून पाहा. आपल्या पणजोबांच्या नांवची एक नोंद शोधा. तींत पराक्रम नसेल. इतके बिघे, इतके रुपये, इतकी बाकी, एवढेंच असेल. पण त्या सालीं तो मनुष्य त्या शेतांत उभा होता, याविषयीं मग शंका उरणार नाहीं.