जुन्या चित्रफितींचें जतन



रँग्लर परांजपे केंब्रिजहून गणितांतील सर्वोच्च मान मिळवून डिसेंबर १९०१ मध्यें मुंबईस परतले, तेव्हां त्यांच्या स्वागताचा सोहळा हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनीं आपल्या कॅमेऱ्यानें टिपला. तत्पूर्वीं १८९९ सालीं त्यांनीं हँगिंग गार्डनमधील एका कुस्तीचें चित्रण केलें होतें. हीं दोन्ही चित्रें आज नष्ट झालेलीं आहेत. दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजीं गिरगांवांत लोकांसमोर आला. त्याच्या चार रिळांपैकीं पहिलें व शेवटचें तेवढें उपलब्ध आहे, आणि तेंहि १९१७ सालच्या नव्या चित्रणाचें असावें, असें कांहीं अभ्यासकांचें मत आहे. 'आलम आरा' या १९३१ सालच्या पहिल्या बोलपटाची तर एकहि प्रत सांपडत नाहीं.

असें कां व्हावें? जुनी फीत नायट्रेटची असे. ती अत्यंत ज्वालाग्राही. पेटली म्हणजे प्राणवायु स्वतःच पुरविते, म्हणून पाण्यांतहि विझत नाहीं. शिवाय तिच्यांत चांदी असते. खेळ संपले, पैसे वसूल झाले, कीं चांदीसाठीं रिळें गाळून टाकण्यांत कोणास गैर वाटत नसे. पुण्यास १९६४ सालीं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय निघालें, तोंवर बरेंच गेलें होतें. पी. के. नायर यांनीं गांवोगांव हिंडून जें मिळालें तें गोळा केलें, म्हणून फाळक्यांचा 'कालिया मर्दन' व त्यांतील कृष्ण झालेली त्यांची कन्या मंदाकिनी आपल्याला दिसते. तरीहि २००३ सालच्या आगींत तेथील अनेक नायट्रेट फिती जळाल्याच.

आगीचें भय नसलेली अॅसिटेटची फीतहि अमर नव्हे. आमच्या शाळेच्या एका संमेलनाचें चित्रण कोणा पालकानें करून दिलें होतें. आम्हीं तें जपलें, म्हणजे कपाटांत घालून कुलूप लावलें! चाळीस वर्षांनीं डबा उघडला तों शिरक्याचा उग्र वास आला. फीत आखडून ठिसूळ झाली होती. हातांत धरतांच तिचे तुकडे पडूं लागले. मल्लखांबावरील मुलांचीं कांहीं चित्रें तेवढीं उजेडासमोर धरून पाहतां आलीं. उष्णता व दमट हवा यांनीं फितींतून आम्ल सुटतें, तेंच बंद डब्यांत कोंडून फितीस अधिक खातें, आणि शेजारच्या फितीसहि बाधतें.

म्हणून माळ्यावर एखादें रीळ असेल, तर तें आधीं खालीं काढावें. पत्र्याखालची जागा फितीस सर्वांत वाईट. आंबट वास येत असेल तर इतरांपासून निराळें ठेवावें. हौसेनें प्रोजेक्टरवर चढवूं नये. आखडलेली फीत दांत्यांत फाटते. जाणत्याकडून संगणकावर प्रत करून घ्यावी, पण मूळ फीत रद्दींत देऊं नये, कारण प्रतींचीं यंत्रें व पद्धति थोड्या वर्षांतच बदलतात. आणि चित्रांतलीं माणसें ओळखणारें कोणी वडीलधारें घरांत असेल, तर त्यांना विचारून नांवें, गांव व साल एका कागदावर उतरून घ्यावींत. हें काम मात्र या आठवड्यांतच करावें.